पाणी घ्यायचं नाही

मर्तिकाच्या घरी गेलो की मी आधी पाणी मागतो. रडणं नंतर. उंबरठ्यावर उभा राहतो आणि म्हणतो, "बाई, पाणी द्या." अख्खं झबालम गाव मला हसतं. "उर्मेस आला रे, मढं राहू दे बाजूला, आधी याला मडकं द्या," म्हणतात. हसू द्या. पाणी मिळालं की दोन घोट मी घेतो आणि उरलेलं त्या घरात कोपऱ्यात बसलेल्या, कुणाचंच लक्ष नसलेल्या माणसाला नेऊन देतो. असा एक माणूस प्रत्येक मर्तिकाच्या घरी असतोच. शोधून बघा, सापडेल.

हे खूळ माझ्या डोक्यात कुठून शिरलं ते सांगतो. बारा वर्षं झाली त्याला. आता सांगायला हरकत नाही, आणि हरकत असली तरी मी सांगणार आहे.

मी इनानाच्या देवळातला मर्तिकाचा गवई. आम्हाला दाढी नाही, बायको नाही, आणि आम्ही गातो तेसुद्धा बायकांच्या बोलीत, त्यामुळे बाजारातून जाताना आम्हाला काय काय ऐकावं लागतं ते विचारू नका. "नखातला मळ चालला," हे त्यातलं सगळ्यात सभ्य. आणि ते खोटंही नाही. बाकीची माणसं मातीची. देव कालवे खणून, टोपल्या वाहून वैतागले, एकमेकांवर खेकसायला लागले, तेव्हा कुणीतरी जाऊन त्यांच्यातल्या शहाण्याला, एन्कीला, झोपेतून उठवलं. त्याने आपल्या आईला सांगितलं, पाताळातल्या गोड्या पाण्यावरची माती मळ आणि आमच्या जागी राबणारं काहीतरी कर. म्हणून तुम्ही आहात आणि म्हणून टोपली तुमच्या पाठीवर आहे. आम्ही गवई मात्र त्या मातीचेही नाही. आमची गोष्ट वेगळी, आणि त्या गोष्टीनेच माझं वाटोळं केलं.

इनाना पाताळात गेली होती. थोरल्या बहिणीच्या, एरेश्किगलच्या राज्यात. सात दारांवर तिचे सात दागिने उतरवून घेतले, उघडी केली, मारली आणि तिचं प्रेत खुंटीला टांगलं. तीन दिवस ते तसंच होतं. वरचे देव म्हणाले, गेली कशाला मरायला, आम्ही काय करू? एकट्या एन्कीचा जीव कळवळला. त्याने नखातला मळ काढला, त्याचे दोन जीव केले, आमचे मूळपुरुष. त्यांच्याकडे जिवाचं पाणी आणि जिवाचा पाला दिला. म्हणाला, माश्यांसारखे दाराच्या फटीतून आत जा. तिथे राणी विव्हळत पडली असेल. ती म्हणेल, आई गं माझं पोट, तुम्ही म्हणा, आई गं तुमचं पोट. ती म्हणेल माझी पाठ, तुम्ही म्हणा तुमची पाठ. मग ती खूश होईल. नदीभर पाणी देईल, ते घेऊ नका. शेतभर धान्य देईल, तेही घेऊ नका. तिला आकाशाची आणि धरतीची शपथ घालायला लावा आणि म्हणा, खुंटीवरचं ते आम्हाला द्या. त्यांनी तसंच केलं. प्रेतावर साठ वेळा पाणी शिंपडलं, साठ वेळा पाला ठेवला, आणि इनाना उठून बसली.

हे आम्ही दर वर्षी देवळात गातो. मला ते झोपेतसुद्धा येतं.

आता माझ्या बहिणीचं. निनकुदा तिचं नाव, माझ्याहून चार वर्षांनी लहान. तिच्या जिभेला हाड म्हणून नव्हतं. "दादा," म्हणायची, "परक्यांच्या मढ्यांवर तू एवढा ऊर फोडून रडतोस, आणि घरात एक घागर भरून आण म्हटलं की तुला ऐकूच येत नाही." सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणायची. मी चिडायचो. पण ती घरात नसली की मला जेवण गोड लागायचं नाही.

तिचा नवरा सीमेवरच्या कालव्याच्या भांडणात भाला लागून गेला तेव्हा ती पोटुशी होती. मुलगी झाली. तिकडे त्याच महिन्यात मोठ्या घरात नगरधन्याच्या बायकोला मुलगा झाला, आणि बाईसाहेबांना दूध येईना. माणसं आली आणि निनकुदाला घेऊन गेली. विचारायची पद्धत नव्हतीच. तान्ही मुलगी आमच्या आईच्या मांडीवर राहिली, शेळीच्या दुधावर आणि जवाच्या पेजेवर. निनकुदाचं दूध मोठ्या घरात.

उन्हाळ्याच्या ऐन भरात त्या मुलाला ताप आला. दोन दिवस फणफणला आणि तिसऱ्या सकाळी गेला, निनकुदाच्या मांडीवरच गेला. नगरधनी फौज घेऊन सीमेवर होता, घरात बाईसाहेब म्हणतील ती पूर्व दिशा. त्या किंचाळल्या, "हिच्या दुधाने खाल्लं माझ्या लेकराला! न्या हिला माझ्या डोळ्यांसमोरून! बंद करा कुठेतरी!" एवढंच म्हणाल्या. मग जमिनीवर पडल्या त्या पडल्याच. कारभाऱ्याने निनकुदाला मागच्या अंगणातल्या खजुराच्या कोठीत ढकललं आणि बाहेरून अडसर घातला.

आई देवळात धावत आली तेव्हा तिच्या कडेवर ती पोर होती आणि पायात काही नव्हतं. मोठ्या घराच्या देवडीवरून तिला हाकलून दिलं होतं. "तुला आत घेतील," ती म्हणाली. "तू रडायला जाशील ना तिथे? तिला सोडवून आण. उर्मेस, माझं एवढं ऐक. तिला घेऊनच घरी ये."

"आणतो आई."

"शब्द दे."

"दिला," मी म्हणालो.

मोठ्या घरातून गवयाला बोलावणं आलंच होतं. आमचे गुरुजी, म्हातारे इगिझी, ढोल घेऊन निघायच्या तयारीत होते. मी त्यांच्या पायावर डोकं ठेवलं आणि म्हणालो, मला जाऊ द्या. सगळं सांगितलं. ते बराच वेळ दाढी नसलेल्या हनुवटीवरून हात फिरवत बसले.

"दुखवट्याच्या खोलीत गवयाला स्वतःचे शब्द नसतात, हे तुला माहीत आहे," ते म्हणाले. "बाईसाहेबांनी कोण तू असं विचारल्याशिवाय तू तुझं काही बोललास, तर तुलाच हाकलतील. आणि मग कोठीतली कायमची कोठीत."

"मग काय करू?"

"करायचं काय ते तुला पाठ आहे की. आपण कशासाठी केले गेलो? राणी विव्हळते, तिच्याबरोबर विव्हळ. ती देईल ते घेऊ नकोस. पाणी घ्यायचं नाही, धान्य घ्यायचं नाही. घेतलंस की व्यवहार तिथेच संपला, मग मागायला तोंड राहत नाही. शपथ झाली की माग."

खरं सांगतो, मला आनंदच झाला. इतकी वर्षं जे गात होतो ते माझ्याच हातून होणार होतं. बहीण कोठीत होती आणि मी छाती फुगवून निघालो होतो. लाज वाटते सांगायला.

देवडीवर शुबूर होता. लहानपणी आम्ही एकाच कालव्यात डुंबलो होतो, म्हणून तो माझ्याशी शिवी देऊनच बोलायचा.

"आलास का रड्या? जा आत. तुझ्यासारख्यांचाच दिवस आहे आज."

"निनकुदा कुठे आहे?"

त्याने इकडे तिकडे पाहिलं. "मागे. आणि मला काही विचारू नकोस. अडसर माझ्या ताब्यात आहे, पण मानही माझीच आहे."

"तिला खायला-प्यायला?"

"हुकूम नाही."

"देऊ नका असा हुकूम आहे?"

"तसाही नाही आणि द्या असाही नाही. कारभारी म्हणतो, बाई उठल्या की विचारू. बाई उठत नाहीत. दुखवटा आहे, घरातले सगळे रांजण पालथे आहेत, चुली विझवल्यात. बाईसाहेबांच्या खोलीतलं एक मडकं तेवढं भरलेलं. आम्ही पहारेकरीसुद्धा बाहेर कालव्यावर जाऊन पितो, आणि येताना शिपाई आमचे हात तपासतो." मग आवाज खाली आणून तो म्हणाला, "हे बघ, बाईंच्या हातचं काही असेल ना, त्यांनी स्वतः दिलेलं, तर ते आत न्यायला मी अडवणार नाही. शिपाईही अडवणार नाही. त्यांनी दिलं म्हणजे हुकूमच झाला. एवढं मी करू शकतो तुझ्यासाठी."

मी मान हलवली. ऐकलं होतं, नीट ऐकलं होतं.

त्याने मला घटकाभर कोठीमागे जाऊ दिलं. भिंतीत वर हाताएवढा झरोका होता, वेताच्या जाळीचा. भिंत तव्यासारखी तापलेली. मी हाक मारली.

"दादा?" ती लगेच जाळीशी आली. "पाणी आणलंस?"

"अगं, ऐक आधी—"

"सकाळपासून घसा सुकलाय. आत नुसती धूळ आहे आणि खजुराचे रिकामे करंडे. दूध येतंय, अंगरखा भिजलाय सगळा. माझी पोर कशी आहे? पिते का शेळीचं?"

"पिते. तू काळजी करू नकोस. मी तुला सोडवणार आहे. गुरुजींशी बोललोय. इनानाला जसं सोडवलं ना, तसंच. तीन दिवस लागतील."

"तीन दिवस?" ती म्हणाली. "या उन्हात? तुझं डोकं ठिकाणावर आहे का?"

"गोष्टीतसुद्धा तीन—"

"इनाना मेलेली होती रे! मेलेल्याला तहान लागत नाही. मी जिवंत आहे. तुझ्या गोष्टी राहू देत, दादा. पाणी आण. सोडवायचं नंतर बघ, आधी पाणी आण."

"आणतो," मी म्हणालो. पण ते मी आईला म्हणालो होतो तसं नव्हतं. लहान बहीण हट्ट करते तेव्हा म्हणतो ना आपण, तसं होतं.

मी आत गेलो. आणि आत पाहिलं तर सगळं जसंच्या तसं. बाईसाहेब उघड्या जमिनीवर, खांद्यावर वस्त्र नाही, केस कांद्याच्या पातीसारखे विस्कटलेले, नखांनी गाल ओरबाडलेले. गाण्यात एरेश्किगलचं असंच वर्णन आहे. भिंतीला टेकून चार दासी बसलेल्या, कुणी हूं की चूं करत नव्हतं. कोपऱ्यात ओल्या चटईत गुंडाळलेलं मडकं.

"आई गं, माझं पोट," बाईसाहेब म्हणाल्या.

"आई गं, तुमचं पोट," मी गुडघ्यावर बसून म्हणालो.

बाहेरच्यांना वाटतं, यात काय आहे? कुणीही म्हणेल. म्हणून बघा. तिच्या आवाजापेक्षा तुमचा आवाज मोठा झाला तर ती चिडते, लहान झाला तर तिला ऐकूच येत नाही. तिचा श्वास जिथे तुटतो तिथेच तुमचा तुटला पाहिजे. मी चांगला होतो या कामात, झबालममध्ये माझ्या तोडीचा कुणी नव्हता. ती म्हणाली, माझे हात रिकामे झाले. मी म्हणालो, तुमचे हात रिकामे झाले. ती म्हणाली, त्याच्या टाळूचा वास अजून माझ्या बोटांना आहे. मी तेही म्हणालो, आणि माझे डोळे खरोखर भरून आले. बाई वाईट नव्हती हो. मूल गेलेली बाई होती. त्या दिवशी तिने माझ्याकडे पाहिलंही नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिने मान वळवली. माझा घसा एव्हाना बसला होता, शब्द फाटून येत होते. तिने ते ऐकलं. मग कोपरावर उठली, स्वतःच्या हाताने ते मडकं ओढलं आणि माझ्यापुढे सरकवलं.

"घसा सुकलाय तुझा," ती म्हणाली. "घे. पाणी घे."

मडक्याच्या अंगावर थेंब जमले होते. एक थेंब ओघळून चटईत जिरला. माझी जीभ टाळूला चिकटली होती. पण मला तहानेचा विचारही शिवला नाही, कारण माझ्या डोक्यात एकच गोष्ट घणघणत होती: आलं! पाणी आलं! आता धान्य येणार, मग शपथ.

मी मान हलवली. नको.

दासींनी एकमेकींकडे पाहिलं. बाईसाहेबांच्या कपाळाला आठी पडली. त्यांनी एका दासीला खूण केली, तिने जवाची भाकरी आणली. दुखवट्याच्या घरातली शिळी भाकरी.

"मग हे तरी खा."

त्यालाही मी नको म्हणालो.

"विचित्रच आहेस," असं म्हणून त्या पुन्हा भिंतीकडे वळल्या. "आई गं, माझी पाठ."

"आई गं, तुमची पाठ," मी म्हणालो, आणि मनात नाचत होतो.

उन्हं कलायच्या वेळी त्यांचा डोळा लागला. मी उठलो आणि जवळजवळ धावतच कोठीमागे गेलो. शिपायाने माझे रिकामे हात पाहून सोडलं. निनकुदाला हाक मारली. उत्तर यायला वेळ लागला.

"आणलंस?" आवाज तिचा नव्हता. वाळलेल्या बोरूवर बोरू घासावा तसा होता.

"निनकुदा, झालं! अर्धं काम झालं! तिने पाणी दिलं मला, मी घेतलं नाही. भाकरी दिली, तीही घेतली नाही. आता शपथ तेवढी—"

आत काही हललं नाही.

"तिने पाणी दिलं होतं?" निनकुदा म्हणाली.

"हो, स्वतःच्या हाताने. मडकंच पुढे केलं."

"भरलेलं?"

"काठोकाठ."

"आणि तू घेतलं नाहीस."

"घ्यायचंच नसतं ना. घेतलं की संपलं. गुरुजी म्हणाले—"

"छान केलंस, दादा," ती म्हणाली.

मला तिचा राग आला. खरं तेच सांगतो. मी हिच्यासाठी दोन दिवस घसा फोडतोय, माझ्या पोटात अन्नाचा कण नाही, आणि ही मला टोमणे मारते! मी म्हणालो, "तुला काय कळतंय यातलं?" ती म्हणाली, "दूध आटलं माझं." मग म्हणाली, "पोरीला शेळीचं दूध उकळून द्या म्हणावं आईला. कच्चं नको." आणि आत जाऊन बसली असावी, कारण पुढे मी दोनदा हाक मारली तरी ती बोलली नाही. मला वाटलं, रुसली.

मागे फिरून ते मडकं मागता आलं असतं. बाईसाहेबांची खोली वीस पावलांवर होती. त्या झोपल्या होत्या, उठवलं असतं तर फार तर ओरडल्या असत्या. शुबूर म्हणालाच होता, बाईंच्या हातचं असेल तर अडवणार नाही. हे सगळं मला तेव्हाही माहीत होतं, आज नव्याने कळलेलं नाही. पण मी सरळ खोलीच्या दाराशी जाऊन बसलो आणि त्या कधी उठतात याची वाट बघत राहिलो.

तिसऱ्या दिवशी सूर्य गच्चीवर आला तेव्हा बाईसाहेब उठून बसल्या. पहिल्यांदाच नीट बसल्या. खांद्यावर वस्त्र ओढलं. माझ्याकडे पाहून म्हणाल्या, "तू कोण आहेस रे? माझ्या आईने माझ्यासाठी एवढं केलं नसतं. काही घेत नाहीस, खात नाहीस. तुला हवंय तरी काय? माग."

"शपथ घ्या, बाईसाहेब."

"कसली?"

"आकाशाची आणि धरतीची."

त्यांनी हात वर केला, मग जमिनीला टेकवला. "घेतली. माग आता."

"खजुराच्या कोठीत एक बाई आहे. ती मला द्या. माझी बहीण आहे ती."

बाईसाहेबांना काही कळेना. मग दासींकडे वळल्या.

"कोण? ती दाई? ती अजून इथेच आहे?"

एका दासीने मान डोलावली.

"कोठीत? तीन दिवस? तिला कुणी खायला-प्यायला दिलं की नाही?"

कारभारी दारात उभा होता. तो म्हणाला, "आपला हुकूम नव्हता."

"मी एवढंच म्हटलं होतं रे, डोळ्यांसमोरून न्या!" त्यांचा आवाज चिरकला. मग त्या माझ्याकडे वळल्या, आणि त्यांनी विचारलं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. "अरे, मग काल मी तुझ्यापुढे मडकं सरकवलं तेव्हा तू तोंड का नाही उघडलंस? हे पाणी तिला नेऊ का, एवढं विचारायचं होतंस. मी नको म्हटलं असतं?"

मी ते मडकं उचललं आणि पळालो. ते अजून तिथेच होतं, काठोकाठ, माझ्यासाठी ठेवलेलं.

शुबूरने अडसर काढला. निनकुदा झरोक्याखाली भिंतीला गाल लावून बसली होती. बाहेरून कुणी बोललं तर ऐकू यावं अशी. ओठ काळे पडले होते आणि फाटले होते. अंगरख्यावर दुधाचे वाळलेले डाग कडक झाले होते. हात अजून वाकत होते. फार वेळ झाला नव्हता.

मी पाणी शिंपडायला सुरुवात केली. एक, दोन, तीन. गाण्यात साठ वेळा आहे. कपाळावर, ओठांवर, छातीवर. मी मोठमोठ्याने मोजत होतो. ओठांवर पडलेलं पाणी हनुवटीवरून खाली जात होतं आणि धुळीत जात होतं. चाळिसाच्या पुढे शुबूरने माझं मनगट धरलं. "पुरे रे," तो म्हणाला. "पुरे, उर्मेस." मी त्याच्या तोंडावर फटका मारला आणि साठ पुरे केले. मग बसून राहिलो. ती उठली नाही.

शपथ पाळली गेली. मला ती दिली, चटईत गुंडाळून, वर बाईसाहेबांनी स्वतःचं एक तागाचं वस्त्र घातलं. आईने सांगितलं होतं, तिला घेऊनच घरी ये. मी घेऊनच गेलो.

आईने दारात चटई उघडून पाहिलं. ती रडली नाही. माझ्याकडे बघत होती, आणि मी थांबलो होतो. बारा वर्षांचा असल्यापासून मला तेवढंच येतं: समोरच्याने आई गं म्हणायचं आणि मी म्हणायचं. ती काहीच म्हणाली नाही, आणि माझ्या तोंडून आवाज फुटेना. शेवटी पोर रडली, भुकेने. तेव्हा आई आत गेली आणि दूध तापत ठेवलं. मी तिला निरोप सांगितला, कच्चं देऊ नकोस म्हणाली होती. आईने विचारलं, "आणि काय म्हणाली?" मी सांगितलं. सगळं सांगितलं, मडक्याचंसुद्धा. लपवायला हवं होतं की नाही, मला अजून ठरवता आलेलं नाही.

त्यानंतर वर्षाच्या उत्सवात मला ते गाणं गायला उभं केलं. नदीभर पाणी दिलं, त्यांनी घेतलं नाही, या ओळीपाशी आलो आणि थांबलो. ढोल पुढे गेला, मी तिथेच. इगिझी गुरुजींनी मला काही म्हटलं नाही. तेही माझ्याकडे बघू शकत नव्हते. पुढे ते गेले, आणि ते गाणं मी पुन्हा कधी गायलो नाही. मर्तिकाला जातो, तेवढं पोटासाठी करावंच लागतं.

निनकुदाला आम्ही घरातच पुरलं, चुलीच्या पलीकडे, जमिनीखाली. वरून तिच्यापर्यंत जाणारी मातीची नळी बसवली आहे. खाली गेलेल्यांना धूळ खावी लागते आणि खारं पाणी प्यावं लागतं, वरून आपल्या माणसाने ओतलं तर तेवढंच गोडं पाणी मिळतं. लोक महिन्यातून एकदा ओततात. मी रोज ओततो, कालव्यावरून स्वतः भरून आणतो. ते मडकं बाईसाहेबांनी परत मागितलं नाही, त्यातूनच ओततो. तिची मुलगी बारा वर्षांची झाली, तोंडाने अगदी आईवर गेली आहे, मला काहीही बोलते. मी ऐकून घेतो.

आई मात्र त्या दिवसापासून माझ्याशी एकच वाक्य बोलते. आता तिला दिसत नाही, ऐकूही कमी येतं, पण उन्हं उतरायला लागली की ती भिंतीला हात लावत चुलीपाशी येते, नळीजवळची माती बोटांनी चाचपून ओली आहे का बघते, आणि मला विचारते, "तिला पाणी दिलंस?"

"दिलं, आई," मी म्हणतो.